आमचं बरं चाललंय

लेम्पीला ‘जमत नाही’ एवढंच म्हणायला शिकवण्यात माझा सगळा ऑक्टोबर गेला. शाळेच्या स्वयंपाकघरात मी आयुष्यभर पोरांना बीट खायला लावलं, पण हे काम त्याहून चिवट निघालं.

माझ्या टेबलाशी आम्ही दोघी समोरासमोर बसायचो. मी चष्मा नाकाच्या टोकावर ओढायचे आणि तपासणीला येणाऱ्या जिल्ह्याच्या बाईचं सोंग घ्यायचे.

“तर लेम्पी, नवऱ्याला आंघोळ घालायला जमतं का तुम्हाला?”

“जमतं की. थोडा वेळ लागतो, एवढंच.”

“अगं, काय ठरलंय आपलं? परवाच्या शनिवारी सौनाच्या वाफेच्या खोलीत तो तुझ्या अंगावर कोसळला. तुला बाकाखालून निघता येईना. मी तुझी हाक ऐकली नसती तर दोघंही तिथंच वाफवून निघाला असतात.”

“पण तू ऐकलीस ना.”

“हे सांगायचं नाही तिला. म्हण, मला जमत नाही.”

“मला जमत...” लेम्पी खिडकीबाहेर बघायची. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, माझा लाकडांचा ढीग होता. “...तसं फार वाईट नाही.”

मी चष्मा काढून टेबलावर टाकायचे. ती कॉफी ओतायची, माझ्याच घरात, मलाच. हसावं की रडावं कळत नसे.

लेम्पी पंच्याऐंशी उलटलेली, चिमणीएवढी बाई. तिचा नवरा ताउनो तिच्या दुप्पट. हाडापेराने मजबूत सुतार, पण डोक्यातलं सगळं चार वर्षांत झिरपून गेलेलं. दिवसा तो चांगला असायचा. संध्याकाळ झाली की घर ओळखेनासा व्हायचा आणि ‘चला आता घरी’ म्हणून दाराकडे निघायचा. रात्री कधी लेम्पीला चोर समजायचा. ती हे कोणाला सांगत नसे. मला कळायचं, कारण आमच्या दोन घरांमध्ये फक्त एक रस्ता आहे आणि त्या रस्त्यावरून आता शाळेची बससुद्धा जात नाही.

पेत्रायारवी गावात आता जे उरलंय ते म्हणजे आम्ही. लाकडाची गिरणी आधी गेली, मग शाळा, मग दुकान, मग दवाखाना. पोरं दक्षिणेला गेली. दक्षिणेत नवीन घरांच्या क्रेन उभ्या असतात, इकडे रिकाम्या घरांची छपरं बर्फाने बसतात. लेम्पीची मुलगी राइया तर देशाबाहेरच गेली. ती नॉर्वेत म्हातारी माणसं सांभाळते, तिकडे पगार बरा मिळतो. नॉर्वेवाल्या आज्या तिच्यावर खूश आहेत म्हणे. तिचे स्वतःचे आईबाप इथं एकमेकांना सांभाळत होते.

आमच्या गावात म्हाताऱ्यांचं एक घर होतं. तळ्याकाठी, लाल रंगाचं. ते गावाने श्रमदानातून बांधलं होतं. मी तेव्हा तरुण होते, बांधणाऱ्यांसाठी वाटाण्याची आमटी शिजवायला होते. ताउनोने त्याचं प्रत्येक दार स्वतः बसवलं, एक पैसा न घेता, आणि एकही दार अजून कुरकुरत नाही. पुढे नगरपालिकेला रोख पैशांची गरज पडली, तेव्हा त्यांनी ते घर दक्षिणेतल्या कुठल्याशा कंपनीला विकलं आणि त्याच कंपनीकडून भाड्याने घेतलं. मग सरकारने दवाखाने, म्हातारी माणसं, सगळं नगरपालिकांकडून काढून जिल्ह्याकडे दिलं. जिल्ह्याने बघितलं की भाडं फार आहे. आणि सांगितलं, हे घर आता परवडत नाही, नाताळच्या आत बंद. टीव्हीवर मंत्री रोज सांगायचे, तूट भरून काढलीच पाहिजे. ऐकून ऐकून मला वाटायला लागलं की ही तूट आम्हीच दोघी-तिघींनी कॉफीत बुडवून खाऊन टाकलीय.

घर बंद होणार म्हणजे तिथल्या माणसांना शहरात न्यायचं, आणि त्यांच्याबरोबर आणखी थोड्यांसाठी जागा होती. ती कोणाला द्यायची हे तपासणी करून ठरणार होतं. जिल्ह्याची बाई येणार, प्रश्न विचारणार, माणसाला काय काय जमत नाही त्याचे गुण मोजणार. ताउनोला ती जागा मिळाली तर लेम्पी जगेल आणि नाही मिळाली तर तो तिला मारून टाकेल, मुद्दाम नव्हे, पण मारून टाकेल, हे मला दिसत होतं. म्हणून मी स्वतः फोन केला, तासभर वाट बघायला लावणारं ते संगीत ऐकलं आणि तपासणी मागितली. लेम्पीने स्वतः कधीच मागितली नसती.

त्याला कारण होतं. तिची आई लिलावात गेलेली पोर होती. पूर्वी आमच्याकडे असंच चालायचं. अनाथ मुलं आणि निराधार म्हातारी माणसं गावावर भार, म्हणून वर्षातून एकदा सगळे शेतकरी जमायचे आणि बोली लागायची, उलटी. या माणसाला ठेवून घ्यायला कोण गावाकडून सगळ्यात कमी मागतो? जो कमी मागेल त्याच्या घरी ते माणूस जायचं. लेम्पीच्या आईला तिच्या सातव्या वर्षी असं एका घरी दिलं होतं आणि ती भट्टीमागे झोपायची. तिने लेम्पीला एकच गोष्ट शिकवली. काहीही झालं तरी गावाकडे हात पसरायचा नाही. कोणी विचारलं तर सांगायचं, आमचं बरं चाललंय.

तपासणीच्या दिवशी सकाळी मी रस्ता ओलांडून गेले आणि अंगणातच थबकले. गालिचा बर्फात उलटा पसरून झोडपलेला होता. खिडक्या अशा चमकत होत्या की त्यात मला माझं पडलेलं तोंड दिसलं. दार उघडलं तर वेलदोड्याचा वास. टेबलावर इस्त्रीचा पांढरा कपडा आणि त्यावर सात प्रकार मांडलेले: वेणीचा गोड पाव, दालचिनीच्या गुंडाळ्या, चमच्यात दाबून केलेल्या बिस्किटांपासून केकपर्यंत, जसे आमच्या आयांच्या वेळी पाहुण्यांना मांडायचे. एक जरी प्रकार कमी पडला तर घराची लाज जायची.

“लेम्पी, हे काय आहे?”

“पाहुणी येणार आहे.”

“पाहुणी नव्हे गं. तपासणीला येणार आहे ती. घर कसं असायला हवं होतं? काय सांगितलं होतं मी?”

“मी काय परक्या माणसाला घाणीत बसवू?” तिच्या डोळ्यांखाली काळी वर्तुळं होती. रात्रभर झोपली नव्हती हे उघड होतं. “आणि तू ते चिखलाचे बूट काढ. आत्ताच पुसलंय.”

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मला वाटलं, तो केक उचलून जमिनीवर टाकावा. टाकायला हवा होता. पण ताउनो आतल्या खोलीतून आला, दाढी केलेला, पांढरा शर्ट, केस ओले करून मागे वळवलेले. लग्नात उभा राहावा तसा उभा राहिला आणि म्हणाला, “आउने, तू पण आलीस का? बस बस.” कित्येक महिन्यांत त्याने माझं नाव घेतलं नव्हतं.

जिल्ह्याची बाई म्हणजे नूरा. पस्तिशीची असेल, नाक लाल झालेलं, भल्या पहाटे शहरातून निघालेली. तिने बूट काढले तर एका मोज्याला अंगठ्याशी भोक. ती तो पाय दुसऱ्या पायामागे लपवायला लागली. मला ती आवडली, आणि त्याचाच राग आला.

“रस्ता घसरडा होता का?” ताउनोने विचारलं.

“फारच. एका वळणावर रेनडिअर उभी होती, हलायचं नाव नाही.”

“त्यांना कर भरावा लागत नाही ना. म्हणून निवांत,” ताउनो म्हणाला आणि नूरा मनापासून हसली.

त्याने तिला कॉफी ओतली. एक थेंब सांडला नाही. आदल्या आठवड्यात त्याच माणसाने कॉफीचं भांडं रिकामं विस्तवावर ठेवलं होतं आणि मी धावत गेले होते. पण दारात पाहुणा आला की आमच्या पिढीच्या माणसात काहीतरी जागं होतं, मेंदू गेला तरी ते जात नाही.

नूराने टॅब्लेट उघडला. “ताउनो, आता काही प्रश्न विचारते हं. सगळ्यांनाच विचारावे लागतात. महिना कोणता चाललाय?”

“पोरी, सुताराला महिना विचारू नये. लाकूड वाळलं का ते विचारावं.”

“असं काय करतोस,” लेम्पी हळूच म्हणाली, “कालच नाही का कुरकुरत होतास, नोव्हेंबर लागला म्हणून?”

“हां, नोव्हेंबर. मरतुकडा महिना.”

नूराने बोट टेकवलं. पुढचा प्रश्न. लेम्पीने केक सरकवता सरकवता त्याचंही उत्तर त्याच्या तोंडात घातलं. पुढचा. पुन्हा तसंच. प्रत्येक वेळी ती असं काही बोलायची की बघणाऱ्याला वाटावं, म्हातारी आपली बडबडतेय. चार वर्षं ती हेच करत आली होती, दुकानात, चर्चमध्ये, राइयाशी फोनवर. ती त्याला पुढून ओढत होती आणि वाटत असं होतं की तो स्वतः चालतोय.

“रात्री झोप कशी लागते यांना?” नूराने लेम्पीला विचारलं.

“म्हाताऱ्या माणसाला उठावं लागतंच अधूनमधून.”

“आणि तुम्हाला जमतं सगळं?”

मी लेम्पीकडे बघितलं. सगळा ऑक्टोबर त्या एका प्रश्नासाठी घालवला होता आम्ही.

“आमचं बरं चाललंय,” लेम्पी म्हणाली. “घ्या ना, या गुंडाळ्या अजून कोमट आहेत.”

मग मला राहवलं नाही. मी म्हटलं, “खोटं बोलतेय ती. ती झोपत नाही. तो रात्री घर सोडून जायला निघतो, ती दारात आडवी पडते. तो तिला चोर समजतो. तिचे हात बघा.”

“आउनेला मोतीबिंदू झालाय,” लेम्पी नूराला शांतपणे म्हणाली. “तिला सगळंच काळंनिळं दिसतं.”

मी उठले, तिचा हात धरला आणि बाही वर सारली. मनगटापासून कोपरापर्यंत बोटांचे ठसे होते, काही जुने पिवळे पडलेले, काही ताजे. एवढे असतील असं मलाही वाटलं नव्हतं. नूराची बिस्किटाची बशी हातातच राहिली.

ताउनो बघत होता. त्याचा चेहरा बदलला. तो उठून लेम्पीजवळ आला, वाकला, त्या हातावरून आपला प्रचंड पंजा फिरवला. “कोणी केलं हे?” तो म्हणाला. “लेम्पी, मला नाव सांग. कोणी केलं?”

“कोणी नाही रे. शेडचं दार लागलं.”

“मी बघतो त्या दाराकडे,” ताउनो म्हणाला. “आजच बघतो.”

लेम्पीने बाही खाली ओढली आणि माझ्याकडे बघितलं. त्या नजरेने मी पाहुण्यांसमोर तिला उघडं केल्याचं सांगितलं. मी मान वळवली नाही.

नूरा निघाली तेव्हा मी तिच्याबरोबर गाडीपर्यंत गेले. “दिसलं ना तुला सगळं?”

“दिसलं. लिहिलंय मी.” ती काचेवरचं बर्फ खरवडत होती, माझ्याकडे बघत नव्हती. “पण गुण त्यांचे मोजायचे असतात, आजीचे नाही. ते चालतात, जेवतात, उत्तरं देतात. आणि घरात सांभाळणारं माणूस आहे.”

“ते माणूस मरायला टेकलंय.”

“बायकोचा थकवा लिहायला एकच ओळ आहे. त्या ओळीला गुण नाहीत.” ती खरवडायची थांबली. “मागच्या वर्षी हे असतं तर मी त्यांना जागा दिली असती. आता दर महिन्याला विचारतात, इतक्या जागा का दिल्या. खरंच सांगते.”

खरंच सांगत होती, त्यात शंका नाही. मला शिव्या घालायला समोर कोणीतरी नालायक हवं होतं आणि होती ती भोक पडलेल्या मोज्याची पोरगी.

निकाल आला: जागा नाही. घरी राहणं हेच त्यांच्या हिताचं, असं त्यात होतं. जागेऐवजी दोन वस्तू आल्या. एक गोळ्यांचं यंत्र, जे दिवसातून दोनदा बाईच्या आवाजात सांगायचं की औषधाची वेळ झाली. ताउनो त्याला दर वेळी ‘आभारी आहे’ म्हणायचा आणि एकदा तर त्याच्यापुढे कपबशी ठेवली. दुसरी वस्तू टीव्हीसारखा एक काचेचा पडदा, टेबलावर उभा करून ठेवलेला. त्यातून शहरातली परिचारिका सकाळ, दुपार, संध्याकाळ बोलायची आणि ती त्यांच्या हिशेबी घरभेट होती.

मी तेव्हा एवढी संतापले होते की लेम्पीच्या तोंडावर म्हटलं, “तुझ्या आईच्या वेळी तरी बोली लावणारे दहा जण होते. आता जिल्ह्याने एकटीलाच विचारलं, याला ठेवून घ्यायला तू किती मागतेस? आणि तू म्हणालीस काही नको, वर केक घ्या.” तिच्या हातात कणकेचं भांडं होतं, ते तिने ओट्यावर ठेवलं आणि माझ्यासाठी दार उघडलं. बाहेर जायचं दार.

त्यानंतर ती माझ्याशी बोलेना. नाताळ आला, लाल घराच्या खिडक्यांना फळ्या ठोकल्या गेल्या, तळं गोठलं. मी रोज तिच्या धुराड्याकडे बघायचे. धूर असला की पुढच्या कामाला लागायचे. जानेवारीत कधीतरी मी दार उघडलं तर पायरीवर कागदात गुंडाळलेला राईचा पाव होता, अजून गरम. मी तो खाल्ला आणि दुसऱ्या दिवशी तिच्याकडे कॉफीला गेले. झालेल्या गोष्टीचं दोघींनीही नाव काढलं नाही. आमच्यात भांडण मिटवायची पद्धत एवढीच.

फेब्रुवारीत माझ्या डोळ्याच्या ऑपरेशनचा नंबर लागला. पूर्वी डोळ्यांचा डॉक्टर महिन्यातून एकदा आमच्या दवाखान्यात यायचा. आता शहरात जायचं, रात्री तिथं राहायचं, कारण परतीची बस दुसऱ्या दिवशीच असते. मी जायच्या आधी जिल्ह्याला फोन केला. म्हटलं, मी एक दिवस नाही, कोणीतरी प्रत्यक्ष येऊन जा. पलीकडची मुलगी गोड बोलली. म्हणाली, त्यांच्याकडे दिवसातून तीन भेटी होतात, काळजी करू नका.

“जा तू,” लेम्पी म्हणाली. “एका दिवसात काय होतंय. येताना चांगली कॉफी आण, घरातली पांचट आहे.”

मी दुसऱ्या दिवशी दुपारी बसमधून उतरले, एका डोळ्यावर पट्टी, हातात कॉफीचं पाकीट. थंडी इतकी होती की नाकातले केस कडक झाले. उघड्या डोळ्याने मी पहिल्यांदा बघितलं ते तिचं धुराडं. धूर नव्हता.

ती लाकडांच्या शेडजवळ होती. ती लाकडं बर्फावर ढकलायच्या खुर्चीगाडीवरून आणायची, त्यावर ढलप्या नीट रचलेल्या होत्या. गाडी उलटली नव्हती. लेम्पी तिच्या बाजूला पडली होती, एक पाय विचित्र वळलेला. बर्फावर ओढल्याची खूण होती, शेडपासून घराच्या दिशेने. फार लांब नव्हती. तिने हाक मारली असणार. रस्त्यापलीकडचं घर माझं, आणि मी शहरातल्या पलंगावर पट्टी बांधून पडले होते. मी तिथं बर्फात गुडघ्यांवर बसले आणि तिचं नाव घेत राहिले. तिच्या भुवयांवर दव गोठलं होतं.

आत गेले. भट्टी थंडगार. ताउनो ओव्हरकोट घालून टेबलाशी बसला होता, पडद्यासमोर. त्याने स्वतःच्या हाताने दाढी करायचा प्रयत्न केला होता, गालावर रक्त वाळलं होतं.

“बरं झालं आलीस,” तो म्हणाला. “लेम्पी लाकडं आणायला गेलीय. येईल इतक्यात.”

नंतर मला सगळं कळलं, कारण ते लोक काही लपवत नाहीत, सगळं टिपून ठेवतात. आदल्या दिवशी सकाळी परिचारिकेने पडद्यातून विचारलं होतं, लेम्पी कुठाय? तो म्हणाला, लाकडं आणायला गेलीय. छान, म्हणाली ती, आज थंडी आहे, उबेत राहा. दुपारी दुसरी होती. तिलाही त्याने तेच सांगितलं. संध्याकाळी तिसरी. दुसऱ्या दिवशी सकाळी चौथी. प्रत्येकीने ते एकदाच ऐकलं आणि ऐकायला ते बरोबरच होतं. हिवाळ्यात बायका लाकडं आणायला जातातच. प्रत्येकीने लिहिलं: सर्व ठीक. त्याने कोणालाही खोटं सांगितलं नव्हतं.

राइया नॉर्वेहून आली. रजा थोडीच मिळाली होती, तिच्याही आज्यांना सांभाळायला माणसं नव्हती. गोठलेली जमीन मऊ करायला कबरीवर शेगडी लावली होती, आणि ताउनो माझ्याशेजारी उभा राहून म्हणाला की काम नीट चाललंय. आम्ही त्याला सांगितलं, लेम्पी गेली. तो रडला. संध्याकाळी त्याने विचारलं, लेम्पी कुठाय? राइयाने पुन्हा सांगितलं आणि तो पुन्हा पहिल्यासारखाच रडला. तिसऱ्या वेळी मी राइयाला म्हटलं, बस कर गं, किती वेळा मारशील तिला. ती निघून गेल्यावर मीच त्याच्याकडे राहायला लागले.

मग नूरा आली. परिस्थिती बदलली की तपासणी नव्याने होते. या वेळी टेबलावर काही नव्हतं. मी झाडलंही नव्हतं. ती दारात उभी राहिली, बूट काढायचं विसरली, आणि मी तिला आठवण करून दिली नाही.

“आजीबद्दल कळलं,” ती म्हणाली. “मला...”

“बस,” मी म्हटलं. “विचार काय विचारायचं ते.”

तिने विचारलं, महिना कोणता. ताउनोने खुर्चीच्या उजवीकडे बघितलं, जिथं लेम्पी उभी राहायची. तिथं कोणी नव्हतं. त्याने वाट बघितली. मग नूराकडे बघून ओशाळं हसला. स्वयंपाक कोण करतं? तो पुन्हा उजवीकडे वळला. आपण कुठल्या गावात आहोत? मोठ्या हातांनी त्याने टेबलाची कड चाचपली, जणू उत्तर लाकडात असेल. मला माहीत होतं ते सगळं. मी तोंड उघडलं असतं तर त्याच्या तोंडात उत्तर घालता आलं असतं. मी दात आवळून बसले. त्याच्यासाठी मी करू शकत होते ते एवढंच होतं.

“घरात तुमच्याबरोबर कोण राहतं, ताउनो?”

हे एक त्याला येत होतं. त्याचा चेहरा उजळला. “लेम्पी,” तो म्हणाला. “लाकडं आणायला गेलीय. तुम्ही बसा, कॉफी घ्या, ती आली की...” तो थांबला. “उशीर झाला नाही का तिला? भार जास्त झाला असेल. मी बघून येतो.” आणि उठून बूट शोधायला लागला.

नूराचं बोट टॅब्लेटवर थांबलं होतं. तिने डोळे पुसले.

“लिही,” मी म्हटलं. “याला गुण असतील ना?”

“असतात,” ती म्हणाली आणि लिहिलं.

जागा त्याच आठवड्यात मिळाली. शहरात, दुसऱ्या मजल्यावर, खिडकीतून गाड्यांचा तळ दिसतो. सगळं नियमात बसलं होतं. एकटा माणूस, घरात सांभाळणारं कोणी नाही, शेजारीण त्यांच्या हिशेबात धरत नाहीत. टॅक्सीसुद्धा जिल्ह्यानेच पाठवली. मी त्याला कोट घातला, टोपी कानांवर ओढली, पट्टा लावला. ड्रायव्हरने दार लावायच्या आधी त्याने माझा हात घट्ट धरला.

“आउने, घराचं दार उघडं ठेव,” तो म्हणाला. “तिचे दोन्ही हात भरलेले असतील.”

मी ठेवलं. टॅक्सी चर्चच्या वळणाआड जाईपर्यंत ते सताड उघडं होतं आणि थंडी आत जात होती. मग मी पायरी चढले आणि ते ओढून घेतलं.